नावनाय

भादव्यात मिठबावचा सडा चार बोटं पाण्याखाली,
आणि त्यात पालथा पडलेला
चेक देशातल्या ब्रनोचा याखिम ह्राबानेक;
भिंग डोळ्याला, कोपरं जांभ्याने सोललेली.
गुरांमागच्या पोरी हसायच्या:
‘सायबानू, गावला काय?’

लवू घाडी त्याचं बाड वाहायचा.
दोन फळ्या, चामड्याचे पट्टे, मधे जुनी वर्तमानपत्रं.
रात्री चुलीच्या उबेला ओले कागद बदलायचा
एकेक, भाकरी उलथावी तसे.

एकदा मोहरीएवढं पांढरं फूल पुढे धरून
साहेबाने विचारलं, काय म्हणतात याला?
लवूने डोकं खाजवलं.
‘ह्येका नाव नाय.’

परवा ब्रनोहून त्या कागदाचा फोटो आला.
फूल तपकिरी, देठ केसाएवढा.
खाली गाव, तारीख, समुद्रापासून उंची साठ मीटर,
आणि स्थानिक नावाच्या रकान्यात
वळणदार रोमन अक्षरांत: नावनाय.

लवू नाही आता.
सडाही अर्धा चिरेखाणीने उचलून नेला;
आमची पडवी त्यातलीच.
भादव्यात भिंतीला ओल चढते तेव्हा
चष्मा काढून मी नाक लागेल इतका जवळ जातो.

अजून तरी शेवाळच.