एच, चोवीस, नऊ

सनैयात जुलैची दुपार.
स्पॅनर पाण्याच्या बादलीत बुडवून ठेवतो आम्ही,
नाहीतर तळहाताची साल निघते.

खल्फान आला, खोर फक्कानचा,
पूर्वी मासळीचा धंदा करायचा.
मागून टो-ट्रकवर कॅप्रिस,
भावाची. भाऊ मागच्या रमजानात गेला.
मुल्कियाचं कार्ड पुढे केलं:
इंजिन तेच आहे का बघ.
चालू करायचंय?
नको. तेच आहे का, एवढंच बघ.

नंबर शोधायचा तर आधी घाण वाचता यायला हवी.
वर वाळू, खाली तेल, तेलात पुन्हा वाळू,
आणि तळाशी कुणा हौशाने फासलेला नारिंगी रंग.
उजव्या हेडच्या पुढ्यात, ब्रॅकेटच्या आडोशाला
दोन बोटांची सपाट जागा असते.
तिथे तारेचा ब्रश लावायचा नाही.
कुंजुमोन उस्ताद ओरडायचा, अंक पुसलास
तर उद्या पोलीस तुझा नंबर लिहून घेतील.
थिनर, चिंधी, जुना टूथब्रश.
टॉर्च समोरून धरली तर काहीच दिसत नाही.
आडवी धरायची. अंकांची सावली पडली पाहिजे.

व्ही, शून्य नऊ, शून्य चार.
व्ही म्हणजे फ्लिंट, तिकडे कुठेतरी.
पुढचे आकडे सप्टेंबरची चार तारीख.
त्यामागची तीन अक्षरं सांगतात
गिअरबॉक्स कुठला, ताकद किती.
ती गंजाने खाल्ली.
साल इथे लिहीत नाहीत.

साल मागे असतं, बेल हाउसिंगच्या वर,
जिथे हात पोचतो, डोकं पोचत नाही.
तिथले अंक ठोकलेले नसतात,
साच्यातूनच उठून आलेले असतात.
डोळे मिटून बोटाने वाचले:
एच, चोवीस, नऊ.
ए जानेवारी, तर एच ऑगस्ट.
चोवीस ऑगस्टला ओतलं, चार सप्टेंबरला शिक्का.
बोटांवर मोजलं, बाराव्या दिवशी बारसं!
नऊ कुठल्या दशकातला, ते मात्र लोखंड सांगत नाही,
गाडीवरून ताडायचं.

मला हसूच आलं.
माझी तारीख भुवड गुरुजींनी ठोकली. एक जून.
वर्गातल्या एकवीस जणांची एक जून.
आई सांगायची, काजू मोहरला होता,
आणि त्याच आठवड्यात दाभोळच्या तरीचा दोर तुटला.
काजू काही जूनमध्ये मोहरत नाही,
गुरुजींच्या परड्यातही दोन झाडं होती.
पासपोर्ट, व्हिसा, लेबर कार्ड, सगळीकडे तोच पंच.
दरवर्षी बँक केकचं चित्र पाठवते.

खल्फानला मोडक्यातोडक्या अरबीत सांगितलं.
तो म्हणाला, माझी एक जानेवारी.
भावाचीही एक जानेवारी.
चार वर्षांचं अंतर आमच्यात,
कारकुनाने एकाच सकाळी दोघांना जन्माला घातलं.

मग शिक्क्याखालची ओळ बघितली,
चॅसिसचे शेवटचे सहा आकडे.
कार्डाशी ताडले. तीन जुळले.
चौथा नाही. पाचवा नाही.
पुन्हा थिनर, पुन्हा टॉर्च.
नाहीच.

तो मडगार्डवर हात टेकून उभा होता,
चटके बसत असणार.
तेच नाही, मी म्हटलं. दुसऱ्या गाडीचं आहे.
केव्हा बदललं?
मला काय माहीत.
पण चालवलं त्याने हेच ना?
मी टॉर्च बंद केली.

शून्य ते नऊ पंचांचा संच
टेबलाच्या खणात असतो, सगळ्या सनैयाला ठाऊक आहे.
त्याने खणाकडे पाहिलं नाही. मीही नाही.
सिगारेटच्या चांदीवर अंक घासून उतरवले,
त्याने घडी करून कंदुऱ्याच्या खिशात ठेवली.

बिलात लिहिलं: तपासणी, तीस दिरहॅम.
खाली तारीख घातली, आजची.
ही तरी मला पक्की माहीत होती.