उलटा ओचा

ऍबरिस्टविथला, संग्रहालयाच्या तळघरात
बुधवारी माझी पाळी असते.
मऊ ब्रश, नाकाला फडकं,
एकेका कातड्याला कसर लागलीय का ते बघायचं.
तिसऱ्या कपाटाचा सगळ्यात खालचा खण अडतो.
प्रिचर्ड म्हणतात, जरा उचलून ओढ त्याला,
गुडघे धरलेल्या माणसाला उठवतात तसा.

आत ती.
चिठ्ठीवरची शाई चहाच्या रंगाची झालेली:
बेटावरून, बोटीने. मादी. पिल्लू वाटेत गेलं.
एवढंच.
कुठे गेलं, ते समुद्राला विचारा.

पट्टे पाहून वाघ म्हणाले तिला.
तोंड पाहून लांडगा.
आमच्या गावचे तरस म्हणाले असते, ढुंगण पाहून.
तिचं स्वतःचं असं नाव
ज्यांच्याकडे होतं त्यांनाही
त्याच बंदुकांनी गाठलेलं.
पट्टे मी मोजले. सतरा.
पुन्हा मोजले तर सोळा.
शेपटीच्या मुळाशी ते कातड्यात विरतात,
शेवटचा कुठला ते ठरत नाही.

पोटाशी एक घडी आहे.
तिला काय म्हणावं म्हणून ब्रश हातात तसाच राहिला.
पिशवी? पिशवी बाजाराला नेतात.
ओचा.
शेंगा वेचताना बायका खोचतात तो,
फक्त हा उलटा, मागच्या बाजूने उघडणारा,
झुडपांतून धावताना काटाकुटा
पिल्लाच्या डोळ्यांत जाऊ नये म्हणून.
एवढी काळजी घेतली होती कुणीतरी
एका घडीची.
मी दोन बोटं आत घातली.
भुसा होता.

डोक्याला एक पौंड.
पिल्लाला दहा शिलिंग,
सरकारी हिशेबात लहानांना अर्धं तिकीट.
मेंढ्या मोजणाऱ्यांनी हिलाही मोजलं
आणि बेरीज शून्यावर आणून वही मिटली.
मेंढ्या उरल्या.
तळघराला खिडकी नाही, पण वर टेकडीवर
आत्ताही चरत असतील त्या,
पाठीवर मालकाच्या निळ्या रंगाचा डाग,
कुणाला भ्यायचं ते विसरून गेलेल्या.

चहाच्या वेळी प्रिचर्ड म्हणतात,
आमचे लांडगे तर हिच्या कितीतरी आधी संपले.
आता एका खेड्याच्या नावात तेवढा आहे एक,
ब्लेदवा.
तिथे बस जाते का?
आठवड्यातून एकदा, ते म्हणतात, आणि बिस्किट बुडवतात.

मी त्यांना लांडगा आला रे आला सांगायला घेतली.
त्यांना ती येत होती. सगळ्यांनाच येते.
पण तिची पुढची गोष्ट कुणी सांगत नाही:
त्या बेटावर अजून कुणी ना कुणी ओरडतं, आला रे,
पावसात, गाडीच्या दिव्यांत, रस्ता ओलांडताना,
आईशप्पथ, पट्टे होते.
आणि गाव दरवेळी धावत जातं,
काठ्या न घेता, कॅमेरे घेऊन,
पोरगं या खेपेला तरी खरं बोललेलं असू दे म्हणत.
पोरगं खोटं बोलत नसेलही.
लांडगाच येत नाही.

खण लोटण्याआधी
झाकणाच्या आत चिकटवलेला फोटो दिसला.
कुठल्यातरी पिंजऱ्यातली, हिच्याच जातीची कुणी.
जबडा इतका उघडलेला
की बाकीचं जनावर त्याच्यामागे लपून बसल्यासारखं.
धमकी देतेय ती, प्रिचर्ड म्हणाले.
मला जांभई वाटली.
सगळा दिवस सिमेंटवर काढला की येते तशी.

आमच्याकडे जांभई आली की तोंडापुढे चुटकी वाजवतात,
उघड्या दारातून जीव निसटू नये म्हणून.
माझा हात गेलाही वर.
रबरी हातमोज्यात चुटकी वाजत नाही.

वहीत लिहिलं:
तिसरं कपाट, खालचा खण.
कसर नाही.