कलम सतरा

दिवाळीपुऱ्याच्या कोर्टात, तिसऱ्या मजल्यावर,
एकोणीस वर्षं मी दुसऱ्यांची वाक्यं टाइप करते.
घरात मराठी, शाळेत गुजराती, कीबोर्डवर इंग्रजी.
माझं स्वतःचं वाक्य सहसा लागत नाही कुणाला.

त्या मंगळवारी एकेचाळीस समझोते होते.
नंदेसरी, रात्रपाळी, रिअ‍ॅक्टर क्रमांक चार.
आता सगळे त्याला नुसतं 'चार' म्हणतात,
घरातल्या वाया गेलेल्या माणसाचं नाव टाळावं तसं.

कंपनीच्या वकिलांनी फायली मांडल्या
रुखवतासारख्या, फिती बांधून.
प्रत्येकीत एक चेक, चेकला टाचणी,
खाली अंगठ्यापुरती कोरी जागा.
साहेबांनी फक्त 'मंजूर' म्हणायचं होतं,
एकेचाळीस वेळा.
जेवणाच्या सुट्टीआधी उरकेल, रतिलाल पट्टेवाला म्हणाला.

साहेब फूटपट्टी ठेवून वाचतात, एकेका ओळीखाली.
कँटीनमध्ये यावर पुष्कळ विनोद आहेत.
कलम सतराशी पट्टी थांबली.

'सद्य व भविष्यातील, ज्ञात व अज्ञात
सर्व व्याधींचे दावे या रकमेत संपुष्टात.'

समोर जेमाबाई वसावे, अक्कलकुव्याच्या पलीकडच्या पाड्यावरची.
नवरा चारजवळ होता.
मुलगा कॉलनीत, उघड्या खिडकीखाली झोपलेला.
एप्रिल होता, खिडकी उघडी असणारच.
आता तो तिच्या पदराआड खोकत होता,
कोर्टात खोकू नये असं कुणीतरी बजावल्यासारखा.

हिला समजलंय का?
अंगठा आहे ना, साहेब.
मी अंगठ्याचं विचारलं नाही.
मग माझ्याकडे वळून : तुम्ही सांगा हिला.

तिची बोली वसावी. माझी बडोद्याची मराठी,
जिला पुण्याचे पाहुणे तोंड लपवून हसतात.
आम्ही दोघी कुठेतरी अर्ध्या वाटेत भेटलो.
'भविष्य'ला मी 'पुढचं' म्हटलं.
'अज्ञात'पाशी अडले.
म्हटलं, जे अजून कुणाला दिसलेलंच नाही, ते.

ती बराच वेळ चेककडे बघत राहिली.
'दिसलंच नाही, तर यांनी मोजलं कसं?'

हे नोंदवायचं? मी विचारलं.
तसंच्या तसं, साहेब म्हणाले.
रोमन अक्षरांत ते वाक्य उतरवताना
'ळ' कसा लिहावा ते मला सुचेना.

पुढचं कायद्याप्रमाणे झालं.
सतरा वगळा, एकेचाळीसही फायलींतून.
मुलांचा हिस्सा बँकेत, अठरा पूर्ण होईस्तोवर.
दर वर्षी फुप्फुसांची तपासणी, अहवाल या न्यायालयाकडे.
वकिलांनी फी किती कापली, तेही कागदावर येऊ द्या.

कंपनीचे वकील उठले. आवाज अगदी मऊ.
सतरा गेलं तर हा आकडाही जाईल, साहेब.
सूचना घ्याव्या लागतील. तीन आठवडे द्या.

तेव्हा मागच्या बाकावरून राजदेव निषाद उभा राहिला,
उजवा हात कोपरापर्यंत कापडात.
साहेब, मला सतरा चालतं.
खोलीवाला पहिल्या तारखेपर्यंतच थांबतोय.

कुणी त्याला गप्प केलं नाही.
साहेबांनी ॲसिडिटीची गोळी मोडली, अर्धी घेतली,
उरलेली अर्धी कागदात गुंडाळली.
पंखा तेवढा बोलत होता.
मग त्यांनी सांगितलं, मी टाइप केलं :
जमा रकमेतून प्रत्येकी वीस हजार, तूर्त.
'तूर्त' या शब्दाकडे राजदेव
दुकानात खोटं नाणं परत मिळाल्यासारखा बघत होता.

न्याय झाला का, रात्री आईने विचारलं.
मी म्हटलं, एक कलम खोडलं.
ती म्हणाली, मग वरण गरम कर.

पण त्याआधी, संध्याकाळी,
फायलींतून चेक काढून परत नेले होते,
घाईघाईत, फिती तशाच टाकून.
रतिलालचा झाडू तोवर कुलपात गेला होता.
मी टेबलाखाली वाकून टाचण्या वेचल्या,
उद्या कुणी अनवाणी येईल म्हणून.
अडतीस मिळाल्या.
तीन अजून तिथेच आहेत कुठेतरी.