गीत : पारंपरिक

केसर बडगुजर पहिल्यांदा माझ्याकडे आली ती उलटी.
जस्ताच्या ब्लॉकवर, डावा गाल उजवीकडे,
गळ्यात मिरच्यांची माळ, वय एकोणीस.
दोंडाईच्याला तेव्हा पथाऱ्या पडलेल्या,
स्टेशनापासून प्रेसपर्यंत नुसता ठसका,
आणि मी शिंकत शिंकत तिला छापत होतो
तीन रंगांत, तीनदा.
लाल रंग केसभर सरकला.
ओठ ओठांच्या जरा बाहेर आले.
शेठ म्हणाला, राहू दे, तिखट दिसते.
पाच हजार लेबलं.
तिला दोनशे रुपये आणि पाच किलो पूड.

मग ती सुलटी आली, पायऱ्या चढून.
म्हणाली, चुकलेल्या लग्नपत्रिका असतील तर द्या,
पाठकोऱ्या.
मला वाटलं, चुलीला नेत असेल.
पुढच्या महिन्यात दाखवायला आणल्या :
चि. आणि चि. सौ. कां. यांच्या पाठीवर
अहिराणीत एकेक कडवं,
शाई आरपार उमटलेली.
वाचताना मधेच कुणाचा तरी मुहूर्त यायचा,
सायंकाळी सहा वाजून बावीस मिनिटं.

सिनेमा एकच. अनेर धरणावर तीन दिवस.
नवरीच्या मैत्रिणींत डावीकडून चौथी,
वाक्य एक : "अगं बाई, आले वाटतं!"
तेही नंतर पुण्याच्या कुणीतरी आपल्या आवाजात म्हटलं,
कारण हिच्या "वाटतं"मध्ये खानदेश ऐकू येत होता.
धुळ्याच्या टॉकीजात तिची आई अंधारातच म्हणाली,
तोंड तुन्हं शे, आवाज कोना शे?
मागचे लोक हसले. केसरही.

शहाद्याच्या साडीवाल्याने तिला भिंतीवर रंगवलं,
दोन वर्षांत नाक गेलं, पदर टिकला.

कॅसेट निघाली तेव्हा कव्हर माझ्याकडेच आलं.
निर्मात्याने वहीच्या पानावर लिहून दिलेलं :
नृत्य : कु. केसर आणि सखी.
गीत : पारंपरिक.
मी ती गाणी तिच्या अक्षरात पाहिली होती,
माझ्याच पत्रिकांच्या पाठीवर.
तरी हाताने खिळे उचलले.
अनुस्वाराचा खिळा झिजलेला निघाला,
तो टाकून दुसरा शोधला.
एवढी काळजी घेतली.

ती आली, कव्हर उजेडाकडे धरलं.
"पारंपरिक म्हंजे कोन रे भो?
मरेल बाई ना?
मी ते आजून जित्ती शे."
चहा घेतला. खारी बुडवून खाल्ली.
जाताना चुकलेल्या पत्रिका मागितल्या नाहीत,
मीच बांधून दिल्या.

आता ती खळ्यावर मिरचीची देठं खुडते.
मजुरी किलोवर, तोंडाला ओढणी,
बोटं रात्री दुधात बुडवते तरी जळतात.
पाकिटावर मात्र एकोणीसच आहे.
शेठच्या मुलाने छपाई अहमदाबादला नेली,
तिथे लाल रंग सरकत नाही,
पण ओठ त्यांनी मुद्दाम तसेच ठेवलेत,
बाहेर आलेले.
जुनी ओळख, म्हणतो.
ती किराणा दुकानात तेच पाकीट घेते,
उधारीवर. दुकानदार नवीन आहे.

यंदा आखाजीला निंबाच्या झोक्यावर
कोणा भावसाराची पोर तिचंच गाणं म्हणत होती,
तिसऱ्या कडव्यात एक शब्द वेगळा.
केसर म्हणाली, असं नही, पोरी, असं शे.
पोर झोका न थांबवता म्हणाली,
मन्ही आजी असंच म्हने.

हे तिने मला प्रेसच्या ओट्यावर बसून सांगितलं.
मी विचारलं, मग?
मला वाटलं आता ती निदान चिडेल,
तीस वर्षांनी माझ्यावर तरी.
"मंग काय? तिन्हा शबद जास्ती चांगला व्हता.
मी लिखी लिधा."
आणि कागद मागितला.

पत्रिका आता कोणी छापत नाही, मोबाइलवर पाठवतात.
मी एक न खपलेलं बिलबुक दिलं.
पहिल्या पानावर, नाव, अशी रेघ आहे.
ती सोडून तिने खालून लिहायला घेतलं.