चेन

पहिली दोन जॅकेटं मी पडद्याच्या कापडाची शिवली.
बंद पडलेल्या हॉटेलातलं, जांभळं, सहा डॉलरचं.
सिगारेटचा वास तीन धुण्यांतही गेला नाही.
लावेल माझ्या बहिणीचा, थॅड शेजारच्या टिब्ज बाईंचा,
दोघं तेरा वर्षांचे, छाती अठ्ठावीस,
एकाचं माप घेतलं की दुसऱ्याचं झालंच.
त्यावरूनच सुचलं असेल:
याच्या डाव्या काठाला चेनचा एक भाग,
त्याच्या उजव्या काठाला दुसरा.
शेजारी उभं राहून वर ओढली
की चार पायांचं, दोन तोंडांचं एकच पोरगं.

चर्चच्या तळघरात पहिल्यांदा ओढली.
घडीच्या खुर्च्या, खोकणारा हीटर.
रॅप संपल्यावर रेव्हरंड म्हणाले,
शब्द कळले नाहीत, पण पायांना कळलं.
अक्रनमधले टायरचे कारखाने तेव्हा बंद होते,
वाऱ्याला रबराचा वास होता अजून.

मग क्लीव्हलंडहून एक माणूस आला.
हातमोजे न काढता त्यानं सह्या घेतल्या
माझ्या टेबलावर, मक्याच्या पावाच्या चुऱ्यात.
मार्चमध्ये 'सोमवार रद्द' रेडिओवर लागलं.
जूनमध्ये प्रत्येक पोराला अर्धी चेन हवी होती.
मॉलमध्ये अनोळखी मुलं एकमेकांना जोडून घ्यायची
आणि सरकत्या जिन्यावर अडकायची.
मी रात्री दोनपर्यंत मशीनवर.
तोंडात टाचण्या असल्या की हसता येत नाही,
हसावंसं फार वाटायचं.
महापौरांनी शहराची किल्ली दिली.
लावेलनं ती आमच्या मागच्या दाराला लावून पाहिली.

मापांची वही आहे माझ्याकडे.
जानेवारी: थॅड, बाही बावीस. लावेल, बावीस.
मे: थॅड चोवीस. लावेल बावीस.
ऑक्टोबर: थॅड साडेसव्वीस.
लावेल बावीस, आणि थोडं माझ्या दयेचं.
चेनचे दात जुळेनात.
लावेलच्या बुटात मी पुठ्ठा घातला,
थॅडला म्हटलं, गुडघे वाकव थोडे, कोण बघतंय.

सेंट लुइसला, हजारो माणसांपुढे,
थॅडचा आवाज फुटला.
तीन ओळी बाप्याच्या, चौथी पोराची,
पाचवी कुणाचीच नाही.
लोक आधी हसले नाहीत. मग हसले.
त्यानंतर टेप वाजायची, आणि ही दोघं ओठ हलवायची
आपल्याच जुन्या आवाजाखाली.

दुसऱ्या रेकॉर्डच्या वेळी तो माणूस म्हणाला, आता रागवा.
कुणावर, लावेलनं विचारलं.
जॅकेटची चेन गेली, गळ्यात आली:
जाड, पिवळी, भाड्याची,
रोज रात्री मोजून परत करायची.
कव्हरवर एक कुत्रा उभा केला होता,
तो तेवढा खरंच रागावलेला दिसतो.
खोकी दुकानांतून परत आली.
हिशेबाच्या कागदावर माझा दोरासुद्धा कापून घेतलेला.

लोक विचारतात, भांडण पैशावरून का?
मला एवढंच माहीत आहे:
फेब्रुवारीत थॅड एकटा आला, मागच्या दारानं.
बर्फ झटकला. म्हणाला, मिस ओपल,
माझंच मला लागेल असं एक शिवून द्या.
साधं जॅकेट. कुणाचंही असतं तसं.
मी शिवलं, एका दुपारीत.
पैसे घेतले नाहीत
आणि लावेलला सांगितलं नाही.
त्यानं ते बसस्टॉपवर पाहिलं, रस्त्याच्या या बाजूनं,
गळ्यापर्यंत बंद केलेलं.
माझा टाका तो ओळखतो.

थॅड आता बर्फ उपसायचा ट्रक चालवतो.
लावेल टोलेडोला चष्मे विकतो,
लोकांकडून बारीक अक्षरं वाचून घेतो.
गेल्या हिवाळ्यात टिब्ज बाई गेल्या.
थडग्यापाशी दोघं शेजारी उभे,
मध्ये एक माणूस मावेल एवढी जागा.
वारा होता. थॅडचा कोट उघडाच.
लावेलचा हात निघाला, अर्ध्यात थांबला,
मग त्यानं स्वतःच्याच कोटाचा काठ धरला.

बिस्किटांच्या डब्यात बेचाळीस अर्ध्या चेनी उरल्यात.
डाव्या जास्त आहेत.
का, ते आता आठवत नाही.