भिंतीवरचा डाव

हेस्टिंग्ज. जानेवारी. समुद्र खिडकीवर
मूठभर मीठ फेकतो नि मागे सरतो.
नऊ नंबरच्या खोलीत मिस्टर टॅपसेल
चहाच्या ट्रेवर पट मांडून बसलेत,
आणि मी, रात्रपाळीची नर्स,
ब्लडप्रेशरचा पट्टा हातात घेऊन उभी.

"हा बिशप," ते म्हणतात.
"उंट," मी म्हणते.
ते त्या लाकडी टोपीकडे पाहतात, तिच्यातल्या चिरेकडे पाहतात,
आणि खोकला येईपर्यंत हसतात.
रूकला हत्ती म्हटलं, तेव्हा मात्र गंभीर झाले:
"बरोबरच आहे. बुरूज कधी चालतो का?"
राणीचा वजीर केल्याबद्दल
दोन गुरुवार माझ्याशी बोलले नाहीत.

खेळाडू ते कधीच नव्हते.
नाताळ सरला की या गावात
कुठकुठले लोक यायचे, ओल्या कोटांचा वास घेऊन,
आणि तेरा वर्षांचा विल्फ्रेड टॅपसेल
स्टेजमागच्या भिंतीएवढ्या पटावर
त्यांच्या चाली खिळ्यांना अडकवायचा.
दिवसाला दोन शिलिंग, वर एक बन.
आठव्या रांगेसाठी स्टूल लागायचं.
मोठमोठ्यांचे चेहरे त्यांना आठवत नाहीत,
आठवतात टेबलाखालचे बूट.
एकाची नाडी सुटलेली.
एकाचा पाय, दिसत नसलेलं शिवणयंत्र चालवणारा.

"आणि एकदा," पट्टा दंडावर फुगत असताना ते म्हणाले,
"मी उंट चुकवला."

उंट. त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच.

एकच घर पुढे. त्याच तिरप्या वाटेवर, पण
थेट प्याद्याच्या तोंडी.
खाली टेबलावर साधी, झोपाळू चाल झाली होती.
वर भिंतीवर बलिदान.
दोनशे माणसांनी श्वास घेतला, तो सोडलाच नाही.
तिसऱ्या रांगेतल्या टक्कल पडलेल्या गृहस्थानं
वहीत लिहिलं, खाली दोन रेघा ओढल्या.
एक बाई उभीच राहिली.
अकरा मिनिटं
त्या सभागृहात असा डाव चालू होता
जो कुणीच खेळत नव्हतं.

मग कुणीतरी बाही ओढली.
स्टूलावर चढून त्यांनी उंट एक घर मागे घेतला
आणि दोनशे चेहरे विझले,
जणू त्या खेळाडूनंच ऐनवेळी कच खाल्ली.
डाव बरोबरीत सुटला. बन मिळाला.
सत्तर वर्षांत हे कुणाला सांगितलं नाही,
बायकोलाही नाही.

आम्ही तिथूनच खेळतो, दर गुरुवारी.
पट त्यांना पाठ आहे, एकूण एक प्यादं;
सकाळी नाश्ता झाला की नाही, ते आठवत नाही.
उंट प्याद्यासमोर उभा. मी काळी.
मारला तर राजा उघडा पडतो, नाही मारला तर
आणखी वाईट. चूक होती ती,
पण किती चांगली चूक!

काल मी मारला.
त्यांचा हात कापरा, पण सावकाश सगळं कापत गेले आणि
वाटेत आपलंही सगळं घालवून बसले. उरला
एकटा पांढरा राजा, अंगावर धागा नसलेला.
"संपलं," ते म्हणाले, हात पुढे केला.

मी हात घेतला नाही.
कऱ्हाडला, न्हाव्याच्या दुकानाबाहेरच्या बाकावर
दस्तगीर शिकलगारांनी मला खेळ शिकवला.
त्यांच्या पटावर प्यादं पहिल्यांदाही एकच घर चालायचं,
प्याद्यानं केलेली मात सगळ्यात मानाची असायची,
आणि समोरच्याचा राजा असा नागवा झाला
तर ती हार नव्हे. ती बुर्जी. डाव अर्धा-अर्धा.

"कोण म्हणतं?" टॅपसेल भुवया उंचावून.
"शिकलगार म्हणतात."
"खेळाडू होते?"
"कात्र्यांना धार लावायचे."

बराच वेळ ते राजाकडे बघत राहिले.
मी चार्टवर लिहिलं: एकशे अडतीस, ब्याऐंशी.
गोळी घेतली. अर्धा कप चहा.
दिवा मालवताना अंधारातून आवाज आला:
बर... काय म्हणालीस, पुन्हा सांग,
आणि स्टूल जरा इकडे सरकव.