पावतीच्या पाठीवर

सुन्निवा नऊ वर्षांची असताना म्हणाली,
"हा जोक दुधाच्या खोक्यावर होता, बाबा.
उसना आणू नकोस. स्वतःचा कर."
आणि दप्तर उचलून बर्फात निघून गेली.

तेव्हापासून मी करतो.
धक्क्यावर कॉड तोलायचं माझं काम.
वजनकाट्याशेजारी पावत्यांची चळत,
पावत्यांची पाठ कोरी.
नोव्हेंबरात सूर्य बुडतो तो जानेवारीतच वर येतो,
आणि त्या अंधारात दोन बोटींच्या मधे
वेळच वेळ असतो.

पहिला जमला तो असा:
मासा कधीच उशीर का करत नाही?
पोटात एवढे काटे असल्यावर कसा करेल!
क्रेनवाल्या ऑडूननं ऐकून घेतला,
भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं,
सव्वातीनला अडकलेल्या,
आणि म्हणाला, "यावर दंड लावायला हवा."

रीत सांगतो.
आधी मागच्या बाजूनंही दार असलेला शब्द हेरायचा.
पुढून पाहुण्यासारखं शिरायचं, बूट काढून,
आणि मागून पळायचं.
लांबी जिन्याच्या चार पायऱ्या, फार तर.
चेहरा विमा एजंटाचा.
आणि फारच चांगला झाला तर खोडायचा:
ती हसेल, विसरेल.
मला हवं असतं ते "शीऽऽ, बाबा",
डोळे छताला,
ओठांचा एक कोपरा फितूर.

"बाबा, बर्फ पडला."
"लागलं का त्याला?"
"बाबा, भूक लागलीय."
"कुठे? दाखव. पट्टी बांधू."
हिल्डे जेवणाच्या टेबलावरून काटा रोखायची माझ्यावर.
तोही एक काटा, मी म्हणायचो.
मग दोघींचं एकदम "शीऽऽ".

वाया गेलेले पुष्कळ.
हात नाहीत, पाय नाहीत, तरी बोट आहे, ती कोण?
हा मी पालकसभेत सांगितला.
मुख्याध्यापिकेनं पुढचा मुद्दा घेतला.
सुन्निवा आठवडाभर माझ्याशी बोलली नाही.
तेरा वर्षांची होती,
तेरा हे पुरेसं कारण असतं.

आमच्या बेटावर शाळा दहावीला संपते.
सोळाव्या वर्षी पोरं बोटीत बसतात,
शहरात खोली घेतात,
आपापले बटाटे आपापले उकडतात.
ऑगस्टात तिला सोडायला गेलो
तेव्हा खिशात नवी पावती होती.
बाहेर निघाली नाही.

काल रात्री फोन आला.
"खोलीतला हीटर बंद पडलाय.
थंडी वाजतेय, बाबा."

असा शब्द! दोन्ही दारं सताड उघडी!
सात वर्षांत हा हातून सुटला कसा,
आणि आता आयता समोर,
तर मी विचारतो, "रजई आहे ना?
घरमालकिणीला सांगितलंस?
लोकरीचे मोजे कुठे ठेवलेस?"

पलीकडे शांत.
मग ती, अगदी विमा एजंटासारखी:
"थांब, जरा आवाज कमी करते तिचा."

आत्ता सकाळचे नऊ. बाहेर रात्रच.
काट्यावर चारशे बारा किलो,
आणि मी एकटाच मोठ्यानं "शीऽऽ" म्हणालो.
ऑडूननं क्रेन थांबवली.
"काय रे, माल खराब निघाला?"
"घरचाच आहे," म्हटलं.

पावती उलटी केली.
तारीख घातली,
खाली तिचं नाव.